पाच बायका आणि एक पुसलेलं नाव

गेल्या महिन्यात मोबाईलवर एकच यादी मला दोन ठिकाणांहून आली. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत १९६७ पासून सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरलेल्या बायकांची यादी. शिक्षकांच्या ग्रुपवर आली तिच्यात नर्गिस, रेहाना सुलतान, वहिदा रहमान, शबाना आझमी, तब्बू ही नावं हिरव्या रंगाने रंगवलेली होती आणि खाली एक ओळ होती, बघा सिनेमा कोणाच्या ताब्यात होता ते. दुसरा ग्रुप आमच्या मोहल्ल्याचा. तिथेही तीच यादी, तोच हिरवा रंग, आणि खाली 'माशाअल्लाह, हमारी बेटियाँ'.

एकाला त्या यादीत कारस्थान दिसलं, दुसऱ्याला खानदान. रंग लावताना दोघांनी त्यातले सिनेमे मात्र पाहिले नसावेत, असा मला दाट संशय आहे. पाहिले असते तर कारस्थान शोधणाऱ्याची पंचाईत झाली असती आणि अभिमान बाळगणाऱ्याची जास्त.

मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते. शिकवण्याच्या धंद्यात एक सवय लागते, उत्तराच्या आधी प्रश्न तपासायचा. पुरस्कार घेणाऱ्या बाईचं नाव काय, हा या यादीला विचारण्याचा सगळ्यात आळशी प्रश्न आहे. पुरस्कार मिळाला तो पडद्यावरच्या कोणत्या बाईसाठी? आणि ती कोणत्या भाषेत बोलत होती? हे दोन प्रश्न विचारले की तीच यादी वेगळी दिसायला लागते.

आधी रंगवणाऱ्यांचाच हिशेब त्यांच्यासमोर ठेवू. हा पुरस्कार सुरू झाला १९६७ च्या चित्रपटांपासून आणि तेव्हा त्याचं नाव होतं 'उर्वशी'. नटाच्या पुरस्काराला 'भरत'. भरत म्हटलं की नाट्यशास्त्र आठवतं, उर्वशी म्हटलं की इंद्राचा दरबार. पुरुषाला शास्त्र आणि बाईला दरबार, ही वाटणी तेव्हा कोणाला खटकल्याचं दिसत नाही. पुढे सरकारने ती नावं सोडली, पण दक्षिणेत शारदा या अभिनेत्रीला आजही 'उर्वशी शारदा' म्हणतात. पहिली उर्वशी ठरली नर्गिस, 'रात और दिन'साठी. तो तिचा शेवटचा चित्रपट. त्यानंतर १९७० चा पुरस्कार रेहाना सुलतानला 'दस्तक'साठी, १९७१ चा वहिदा रहमानला 'रेशमा और शेरा'साठी, १९७४ चा शबाना आझमीला 'अंकुर'साठी. पहिल्या आठ वर्षांत चार. शबानाला पुढे आणखी चार वेळा मिळाला, 'अर्थ', 'खंडहर', 'पार' आणि 'गॉडमदर'. तब्बूला दोनदा, 'माचिस' आणि 'चांदनी बार'. २००१ च्या 'चांदनी बार'पाशी हिरवा रंग संपतो, त्यापुढे तो लावायला कोणी मिळालेलं नाही. 'ताब्यात होता' म्हणणाऱ्याने निदान या वीस-बावीस वर्षांकडे एकदा पाहायला हवं होतं.

आता माझा हिशेब. शबानाच्या पाच भूमिका घ्या. 'अंकुर'ची लक्ष्मी, 'अर्थ'ची पूजा, 'खंडहर'ची जामिनी, 'पार'ची रमा, 'गॉडमदर'ची रंभी. नर्गिस 'रात और दिन'मध्ये वरुणा होती. 'माचिस'मधली तब्बू पंजाबातली वीरां. म्हणजे मुसलमान घरातल्या मुलींनी पडद्यावर दलित बाई उभी केली, शीख बाई उभी केली, मोडक्या वाड्यात अडकलेली बंगाली कादंबरीतल्यासारखी बाई उभी केली, आणि लोकांनी ती आपली मानली. नटीचं कामच ते. यात ताबा कुठे आला? उलट ज्यांना 'त्यांच्या' म्हणून बाजूला काढता, त्यांनी आयुष्यभर 'तुमच्या' बायकांचं दुःख अंगावर घेतलं, असंच ही यादी सांगते.

मग पडद्यावरच्या मुसलमान बाईला, म्हणजे त्या पात्राला, हा पुरस्कार किती वेळा मिळाला? मी मोजून पाहिलं. मोजक्याच वेळा.

'दस्तक'ची सलमा. हमीद आणि सलमा हे साधं, नवं लग्न झालेलं जोडपं मुंबईत भाड्याची खोली घेतं. आधी त्या खोलीत मुजरेवाली राहत होती म्हणून रात्री-बेरात्री गिऱ्हाइकं दार ठोठावतात. राजिंदरसिंह बेदींचा चित्रपट. मग १९८१ ची उमराव जान, रेखाने केलेली. तवायफ. मग २००१ ची 'चांदनी बार'मधली मुमताज. दंगलीत घर गेलं, मुंबईत आली, बारमध्ये नाचते. आणखी दोघी कन्नडमधल्या, दोन्ही चित्रपट गिरीश कासरवल्लींचे. २००४ ची 'हसीना', ताराने केलेली. नवऱ्याने टाकलेली बाई, लेकरांना घेऊन न्याय मागायला मशिदीच्या दारात बसते. गोष्ट बानू मुश्ताक यांची, ज्यांना २०२५ मध्ये आंतरराष्ट्रीय बुकर मिळालं तेव्हा आपल्याकडे अनेकांना त्यांचं नाव पहिल्यांदा कळलं. आणि २००७ ची 'गुलाबी टॉकीज'मधली गुलाबी, उमाश्रीने केलेली. किनाऱ्यावरच्या मच्छीमार वस्तीतली सुईण. सिनेमाचं वेड असलेली, नवऱ्याने सोडलेली. तिच्या घरात रंगीत टीव्ही येतो तशा शेजारणी जमायला लागतात. मग कारगिलचं वारं येतं, आणि ज्या घरात सगळ्या बायका टीव्ही बघायला यायच्या ते घर एकाएकी 'त्यांचं' होतं. २००८ आणि २०१३ चं धुळं ज्यांनी पाहिलंय त्यांना हा चित्रपट समजावून सांगावा लागत नाही.

पुन्हा बघा. कोठ्यासारख्या खोलीत राहिलेली, कोठ्यावरची, बारमधली, टाकलेली, सोडलेली. पन्नासहून अधिक वर्षांत मोजक्याच. या भूमिका वाईट होत्या असं मी म्हणत नाही. 'दस्तक' आणि 'गुलाबी टॉकीज' तर मी जमेल त्याला बघायला लावते. पण याच यादीत इतर बायकांना कशासाठी पुरस्कार मिळाला तेही बघा. तमिळ 'वीडू'त अर्चनाला मिळाला तो एका नोकरदार मुलीच्या भूमिकेसाठी. ती कर्ज काढून, कंत्राटदाराशी आणि नगरपालिकेशी झगडत स्वतःचं घर बांधते, बस्स, एवढीच गोष्ट. तेलुगू 'कर्तव्यम'मध्ये विजयशांतीला मिळाला पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेसाठी. असमिया 'फिरिंगोटी'त मलया गोस्वामीला मिळाला एका शिक्षिकेच्या भूमिकेसाठी, खेड्यातली बंद पडलेली शाळा पुन्हा उभी करणारी. घर बांधणारी, फौजदारीण, मास्तरीण. या बायका कोणत्याही धर्मात असतात. माझ्या शाळेच्या पालकसभेला तर हमखास असतात. बुरखा काढून खुर्चीवर टाकतात आणि विचारतात, टीचर, गणितात इतके कमी कसे पडले? त्यांच्यातली एक डाळमिलमध्ये कामाला आहे, एक आशाताई आहे, एक रात्री बारापर्यंत शिलाई मारते, एक स्वतः डीएड झालेली आहे आणि नोकरीच्या प्रतीक्षेत म्हातारी होत चालली आहे. यातली कोणीही आजवर या पुरस्कारापर्यंत पोचलेली नाही. कारण तिची गोष्ट कोणी लिहिलेली नाही, आणि लिहिलीच तर तीन वेळा 'तलाक' म्हणणारा नवरा घातल्याशिवाय निर्मात्याला ती मुसलमान वाटत नाही.

आता पुसलेल्या नावाकडे येते.

पहिली उर्वशी ठरलेल्या नर्गिसचं मूळ नाव फातिमा रशीद. जद्दनबाईंची मुलगी. १९५७ मध्ये 'मदर इंडिया'त तिने जी राधा उभी केली तिच्यावर या देशाने आपली आई पाहिली. फिल्मफेअर मिळालं, कार्लोवी व्हारीला परदेशात पुरस्कार मिळाला, पद्मश्री मिळाली, राज्यसभेत गेली, आणि ३ मे १९८१ ला गेली. राष्ट्रीय एकात्मतेवरच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार साठच्या दशकापासून होता. 'गर्म हवा'ला तो मिळाला होता. नर्गिस गेल्यावर त्याला तिचं नाव मिळालं. पुढे 'बॉम्बे', 'जख्म', 'मिस्टर अँड मिसेस अय्यर' हे नर्गिस दत्त पुरस्काराचे मानकरी. मराठीलाही अलीकडे दोनदा मिळाला, निपुण धर्माधिकारींच्या 'धप्पा'ला आणि नियाज मुजावर यांच्या 'ताजमाल'ला.

२०२४ मध्ये हे नाव गेलं. पहिल्या चित्रपटाच्या पुरस्कारावरून इंदिरा गांधींचं नाव काढलं तेव्हाच हेही काढलं, आणि एकात्मतेचा पुरस्कार सामाजिक नि पर्यावरणाच्या विषयांबरोबर एकत्र करून त्याला 'राष्ट्रीय, सामाजिक आणि पर्यावरणीय मूल्यं' असं लांबलचक नाव दिलं. त्याच वेळी बक्षिसाच्या रकमा वाढवल्या, सुवर्णकमळाचे तीन लाख, रजतकमळाचे दोन लाख. पैसे वाढले, म्हणून नाव गेल्याची कोणाला हळहळ वाटली नसावी. इंदिरा गांधींचं नाव काढण्यामागे पक्षीय राजकारण आहे, असं म्हणून सोडून देता येईल. त्यांची नावं देशात हजार ठिकाणी आहेत. नर्गिसचं नाव इथे होतं आणि ते नेमकं होतं, कारण एकात्मतेवर भाषण देण्यापेक्षा ती जगून गेली होती. आणि मला नावापेक्षाही टोचतो तो गेलेला दुसरा शब्द. 'एकात्मता'. पर्यावरण हवंच, आमच्या तापीकाठच्या केळीला विचारा. पण एकात्मता हा पर्यावरणाचा पोटविषय नव्हे.

कोणी म्हणेल, नावात काय आहे, चित्रपट चांगला असला म्हणजे झालं. खान्देशातल्या माणसाने तरी हे म्हणू नये. २०१८ मध्ये आमच्या जळगावच्या विद्यापीठाला बहिणाबाई चौधरींचं नाव मिळालं. तेव्हापासून उर्दू माध्यमातून आलेल्या मुलीदेखील गुणपत्रिकेवरचं नाव वाचून विचारतात, टीचर, ये बहिणाबाई कौन थी? मग मी सांगते, असोद्याची लेक, जळगावात दिली, अक्षरओळख नव्हती. एका नावामुळे एक प्रश्न येतो आणि एका प्रश्नामुळे अर्ध्या तासाचा धडा होतो. नर्गिसचं नाव काढलं म्हणजे इतकंच झालं की 'ही कोण?' हा प्रश्न एखाद्या मुलीने विचारण्याची जागा बंद झाली. ज्यांनी काढलं त्यांना हे नीट माहीत आहे.

इथपर्यंत वाचून मोहल्ल्यातले काही वाचक खूश झाले असतील. थांबा जरा.

'हमारी बेटियाँ' लिहिणाऱ्यांनो, तुमची बेटी नववीत आहे. शाळेच्या स्नेहसंमेलनात ती नाटकात काम करणार होती आणि तिचं नाव तुम्ही येऊन काढून घेतलंत. मीना कुमारीचे शेर तुमच्या स्टेटसवर असतात. तिचं खरं नाव महजबीन होतं हे तुम्ही मोठ्या अभिमानाने सांगता. १९५४ मध्ये फिल्मफेअर सुरू झाला तेव्हा अभिनेत्रीचं पहिलं बक्षीस 'बैजू बावरा'साठी तिला मिळालं, दुसऱ्या वर्षी 'परिणीता'साठी परत तिलाच, आणि १९६३ मध्ये तर तिन्ही नामांकनं तिचीच होती, हेही तुम्हाला पाठ आहे. 'मुगल-ए-आझम'च्या वर्षी मधुबालाला डावलून 'घूंघट'च्या बीना रायला बक्षीस दिलं, 'पाकीजा'च्या वर्षी मेलेल्या मीना कुमारीला डावललं, याचा राग साठ-पन्नास वर्षांनंतर तुमच्या आवाजात येतो. चांगलं आहे. ('पाकीजा'च्या गुलाम मोहम्मदांना डावललं म्हणून प्राणने स्वतःचं बक्षीस नाकारलं होतं, तो राग मात्र कृतीतला होता.) पण दुसऱ्याच्या मुलीला बक्षीस मिळालं नाही म्हणून रडायचं आणि स्वतःच्या मुलीला मंचावर पाय ठेवू द्यायचा नाही, या हिशेबाला मी काय नाव देऊ?

मला उत्तर मिळतं ते धर्माचं. मी धर्मपंडित नाही, त्या वादात शिरत नाही. पण शिक्षक म्हणून इतिहास सांगू शकते. १९१३ मध्ये पडद्यावर आलेला 'राजा हरिश्चंद्र' फाळके काढायला बसले तेव्हा तारामतीच्या कामासाठी त्यांना एक बाई मिळेना. बदनाम वस्तीतल्या बायकांनीसुद्धा नकार दिला असं सांगतात. शेवटी साळुंके नावाच्या पुरुषाने तारामती केली. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या, तेव्हा त्यांच्या वाट्याला काय आलं असेल ते सांगायला नको. याच कमलाबाई गोखले म्हणजे विक्रम गोखलेंच्या आजी. म्हणजे हा अडथळा मशिदीतून आलेला नाही. तो 'घरंदाज' या शब्दातून आलेला आहे, आणि तो शब्द मराठीत जितका मुरलाय तितकाच उर्दूत 'शरीफ' मुरलाय. त्यांच्यातल्या काही घरांनी शंभर वर्षांपूर्वी तो अडथळा ओलांडला. आपण अजून दाराशी उभे राहून चपला मोजतोय.

शेजारच्या मालेगावचंच बघा. पोरांनी पदरमोड करून 'मालेगाव के शोले' काढला, सुपरमॅन उडवला, त्यांच्यावरच्या माहितीपटाने जगभर कौतुक मिळवलं. सगळं गावचं. नायिका मात्र बाहेरून आणायची. लूमवर बारा तास उभा राहणारा पोरगा सुपरमॅन होऊ शकतो, त्याची बहीण त्याच्या सिनेमात त्याची बहीणसुद्धा होऊ शकत नाही.

ज्या मुलीचं नाव काढलं म्हटलं, ती त्याच्या आदल्या वर्षी एका आंतरशालेय स्पर्धेत मराठी एकांकिकेत उतरली होती. म्हातारीचं काम. अहिराणी सूर तिने शेजारच्या आजीकडून उचलला होता, आणि प्रेक्षकांतल्या बाया 'व माय!' म्हणून हसत होत्या. बक्षीस समारंभात परीक्षकांनी माईकवरून तिचं कौतुक केलं, मुसलमान असूनही किती छान मराठी बोलते. सभागृहाने टाळ्या वाजवल्या. परत येताना रिक्षात ती गप्प होती. मग एवढंच म्हणाली, टीचर, काम कसं झालं ते नाही सांगितलं त्यांनी. तिचं म्हणणं खरं होतं. तिला अभिनयाचं बक्षीस देताना परीक्षकांनी तिच्या भाषेचा दाखला तपासला. तिच्या आजोबांचे आजोबा धरणगावच्या बाजारात कापूस पिंजत होते आणि गिऱ्हाइकाशी अहिराणीतच भांडत होते, हे त्या मंचावर कोण सांगणार?

पुढच्या वर्षी अब्बांनी नाव काढलं तेव्हा कारण सांगितलं, लोग क्या कहेंगे. मला वाटतं लोक काय म्हणतात ते त्यांनी त्या सभागृहात ऐकलं होतं. एकीकडून 'मुसलमान असूनही' आणि दुसरीकडून 'मुसलमान असून'. एका अक्षराचा फरक. पोरगी दोन्हीकडून गेली.

आता आपल्या मराठी अभिमानाकडे. शिक्षकांच्या ज्या ग्रुपवर ती यादी आली, तिथे दुसरी प्रतिक्रिया होती, 'त्यांच्या शबानाला पाच, आपल्या स्मिताला दोनच.' आपली स्मिता! बरोबर, स्मिता पाटील आपलीच. घराणं शिरपूरचं, वडील शिवाजीराव गिरधर पाटील स्वातंत्र्यसैनिक, पुढे मंत्री, आई विद्याताई समाजकार्यातल्या. समाजवादी चळवळीत वाढलेलं घर. मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या देता देता पोरगी सिनेमात गेली. १९७७ च्या 'भूमिका'साठी आणि १९८० च्या 'चक्र'साठी तिला हा पुरस्कार मिळाला. १३ डिसेंबर १९८६ ला, बाळंतपणानंतर दोन आठवड्यांत गेली. वय एकतीस. धुळे जिल्ह्याच्या वाट्याला असं काही पुन्हा आलेलं नाही.

पण ज्या दोन चित्रपटांसाठी तिला पुरस्कार मिळाला ते दोन्ही हिंदी, आणि दोन्हींचं मूळ मराठी पुस्तकात. 'भूमिका' हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावरून, 'चक्र' जयवंत दळवींच्या कादंबरीवरून. मराठी बाईने स्वतःचं आयुष्य मराठीत सांगितलं, मराठी लेखकाने झोपडपट्टी मराठीत लिहिली, शिरपूरच्या घरातल्या मुलीने दोन्ही जगून दाखवली, आणि पुरस्कार हिंदीच्या खात्यात जमा झाला. तिने मराठीत केलेली 'जैत रे जैत'मधली चिंधी आणि 'उंबरठा'मधली सुलभा या खात्यात नाहीत. दोन्ही चित्रपटांचे दिग्दर्शक जब्बार पटेल. 'त्यांचे' आणि 'आपले' करणाऱ्यांनी जब्बार हे नाव कोणत्या रंगाने रंगवायचं ते ठरवावं. 'सामना' आणि 'सिंहासन'ही त्यांचेच.

१९८२ चा पुरस्कार गेला शबानाला, 'अर्थ'साठी. त्याच 'अर्थ'मध्ये स्मिताही आहे. माझ्या मते सुलभा पूजापेक्षा अवघड भूमिका होती. घर सोडून बाहेर पडलेल्या बाईला प्रेक्षकाची दया मिळते, पण नोकरीसाठी घराबाहेर पडलेल्या बाईला ती मिळत नाही, आणि स्मिताने ती मागितलीही नाही. पण हा अन्याय शबानाने केलेला नाही. मराठी भाषेतल्या भूमिकेला हा पुरस्कार पहिल्यांदा मिळाला तो २०१० च्या 'बाबू बँड बाजा'साठी मिताली जगताप वराडकरांना, तोही तमिळ अभिनेत्री सरण्याबरोबर विभागून. १९६७ ते २०१०, त्रेचाळीस वर्षं. मग २०१२ ला 'धग'साठी उषा जाधवला. झालं, संपली मराठीची यादी. शबानाचे पाच मोजणाऱ्यांनी हे दोन कधी मोजले होते का? मराठी सिनेमाने बाईला मध्यभागी ठेवून किती चित्रपट केले आणि तमाशाची बोर्डावरची बाई किंवा सोशिक सून यापलीकडे किती गेले, हा आपल्या घरातला प्रश्न आहे. तो शबानाच्या दारात नेऊन टाकू नका.

'धग' करणारे शिवाजी लोटन पाटील आपल्या खान्देशचे. स्मशानाच्या आधाराने जगणाऱ्या घरातली आई त्यांनी उषा जाधवकडून उभी करून घेतली, दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळवला. पुढे त्यांनी मुसलमान घरांतल्या गोष्टींवर दोन मराठी चित्रपट केले, ही साधी गोष्ट नाही.  एक राजन खान यांच्या कथेवरचा 'हलाल', विषय तलाक आणि हलाला. दुसरा 'भोंगा', विषय मशिदीचा ध्वनिक्षेपक आणि आजारी बाळ. दोन्ही कळकळीने केलेले आहेत आणि 'हलाल'चे प्रश्न खरे आहेत, ते आम्ही बायकाच आधी विचारत होतो. माझी तक्रार या दिग्दर्शकाविषयी नाही. तक्रार ही, की मराठी पडद्याच्या दारात मुसलमान बाई आली की तिला विचारतात, तलाक झालाय का? आणि नसेल झाला तर तिची गोष्ट काय, असं वाटून दार लोटून घेतात.

कर्नाटकात कासरवल्लींनी गुलाबीला आधी सुईण केली, सिनेमाची वेडी केली, शेजारीण केली. मुसलमान ती होतीच, पण ती तिची एकुलती ओळख नव्हती. वैदेहींच्या मूळ कथेत गुलाबी मुसलमान नव्हती, दिग्दर्शकाने ती तशी केली, कारण त्याला आपल्या किनाऱ्यावरची माणसं माहीत होती. आमच्या भागात अशा गुलाब्या पैशाला पासरी आहेत. यावल-रावेर-चोपड्याच्या बाजूला, सातपुड्याच्या पायथ्याशी तडवी बायका आहेत, आदिवासी आणि मुसलमान दोन्ही, कोणाच्याच यादीत नीट न बसणाऱ्या. डोक्यावर टोपली घेऊन गावोगाव बांगड्या भरणाऱ्या मण्यार बायका होत्या. पाटलाच्या घरातल्या सुनेचं मन त्यांच्याइतकं कोणाला कळत नसे, कारण हात हातात घेऊन बसणारी बाहेरची बाई तीच. मराठीतली केवढी मोठी भूमिका ती! धुळ्यात लूमच्या घरात कांड्या भरत पोरींना बीएडपर्यंत नेणाऱ्या आया आहेत. त्यांच्यापैकी एकीलाही अजून लेखक भेटलेला नाही.

परवा एक तरुण नाटकवाला मला म्हणाला, मॅडम, आम्हाला तुमच्या समाजाची माहिती नसते, चूक झाली तर भावना दुखावतील म्हणून आम्ही हात लावत नाही. मी म्हटलं, दादा, शेजारी राहून चारशे वर्षं झाली, माहिती कधी करून घेणार? शीरखुर्मा प्यायला येता तेव्हा स्वयंपाकघरात कोण उभं असतं ते कधी पाहिलंय का? तो हसला. हसण्यासारखं काही नव्हतं.

आणि भावना दुखावण्याचं म्हणाल तर ती भीती खरी आहे, मी नाकारत नाही. आमच्याकडेही दोन-चार जण असतात ज्यांचं दुकान दुखावलेल्या भावनांवर चालतं. त्यांच्याशी आम्ही बघून घेऊ. तुम्ही लिहा. तुम्ही लिहिणार नसाल तर आमच्या मुली लिहितील, पण मग मराठी नीट आहे का ते तपासायला माईक घेऊन बसू नका.

यंदाच्या स्पर्धेसाठी माझ्या वर्गातल्या चौघींनी मिळून एकांकिका लिहायला घेतली आहे. डाळमिलमधली गोष्ट आहे, पाळी सुटायच्या वेळेची, पाच बायकांची. त्यांच्यातल्या एकीलाही नवऱ्याने सोडलेलं नाही. निम्मं मराठी, निम्मं आमच्या घरातली हिंदी, मधूनच अहिराणी. नियमावलीत 'संहिता शुद्ध मराठीत असावी' असं आहे म्हणून संयोजकांना मी पत्र लिहून विचारलंय, डाळमिलमध्ये शुद्ध मराठी कोण बोलतं? उत्तर आलेलं नाही. तालमी चालू आहेत. म्हातारीच्या कामासाठी मुलगी हवी आहे. गेल्या आठवड्यात तिच्या अब्बांना मी शाळेत बोलावलं होतं. ते आले नाहीत, पण आई आली. मिलमधून थेट आली होती, ओढणीवर तुरीच्या डाळीचा भुसा होता. तिने संहिता मागून घेतली आणि उभ्या उभ्या वाचली. दुसऱ्या पानावर थांबून म्हणाली, टीचर, हे चूक आहे, सुट्टीचा भोंगा झाल्यावर कोणी बसत नाही, आधी सगळ्या नळाकडे पळतात. मुलींनी तिथल्या तिथे ते दुरुस्त केलं.